कुंडातला रिकामा कोनाडा

१

भर बाराच्या उन्हात कासिमिरो नोह जमिनीखालच्या कुंडातून बासष्ट पायऱ्या चढून वर आला, तेव्हा त्याच्या हातात केरसुणी होती आणि तोंडचं पाणी पळालेलं होतं. रामोन नावाच्या गर्द झाडाखाली टेबल मांडून बसलेल्या लिंबानियाबाईंसमोर तो उभा राहिला. टोपी काढली आणि खालच्या आवाजात म्हणाला, "बाई, देव जागेवर नाही."

देव म्हणजे तांब्याएवढं मातीचं धूपपात्र. पोटावर पाऊसदेवाचं तोंड, लांब नाक, एका कानाचा टवका उडालेला. कुंडाच्या पलीकडच्या कड्यात, पाण्यापासून पुरुषभर उंचीवर एक कोनाडा आहे, त्यात ते किती पिढ्या बसलं होतं ते सासिल्हा गावात कुणालाच ठाऊक नव्हतं. संग्रहालयाची माणसं दोनदा मागायला आली, तेव्हा गावाने सांगितलं, पावसाच्या देवाने पाण्यावरच राहावं. दरसाल पेरणीच्या आधी गाव त्याच्यासमोर हात जोडायचं, आणि यंदाची पेरणी तीन आठवड्यांवर आली होती.

लिंबानिया काउइच या गावात अडतीस वर्षं शाळामास्तरीण होत्या. निवृत्त झाल्या तशा कुंडाच्या समितीच्या प्रमुख झाल्या. पन्नाशीच्या आतला एकही माणूस गावात नव्हता ज्याचा कान बाईंनी धरला नव्हता. कासिमिरो तेवढा बाहेरगावचा, लग्न करून इथे आलेला. बाई उठल्या, कुंपणाचं लाकडी फाटक लावून घेतलं आणि कडी घातली.

"पात्र सापडेपर्यंत कुणी बाहेर जायचं नाही," त्या म्हणाल्या.

आत त्यांच्याखेरीज पाचच माणसं होती.

२

त्यातले तिघे पाहुणे. पुएब्लाचे दातांचे डॉक्टर आन्सेल्मो, त्यांची बायको ग्रासिएला आणि तिचा भाऊ रोसेंदो. त्यांनी एका दिवसाची खासगी सहल ठरवली होती, कुंडात पोहणं आणि जंगलातले जुने अवशेष पाहणं. दिवसभर कुंड त्यांच्यासाठीच राखलेलं. चौथा त्यांचा वाटाड्या विल्बर्थ त्सुल. स्वतःच्या गाडीतून मेरिदा शहरातून पाहुणे आणायचा, चार भाषांत बोलायचा. बाईंचा सगळ्यांत हुशार विद्यार्थी. त्याचं नाव निघालं की बाईंच्या मानेला आपोआप ताठा यायचा. पाचवा कासिमिरो, पायऱ्या झाडणं आणि लाइफ जॅकेटं सांभाळणं हे त्याचं काम.

बाईंनी एकेकाला टेबलापाशी बोलावलं. डॉक्टरांनी सांगितलं की ते पूर्ण वेळ कॅमेऱ्याशी झटत होते, आत इतका अंधार की एक फोटो धड आला नाही. रोसेंदोने सरळ कबूल केलं की असल्या भांड्याला बाजारात काय भाव येईल हे त्याने गाडीत विचारलं होतं. पण विचारणं हा काही गुन्हा नव्हे, आणि त्याला पोहताच येत नाही, तो पायरीवर बसून होता. ग्रासिएला म्हणाली, वाटाड्याने पलीकडे बोट दाखवलं होतं खरं, पण पोहताना तिचा चष्मा वर राहिला होता.

विल्बर्थ मात्र ठाम होता.

"दहा वाजता देव होता, बाई. मीच पाण्यातून दाखवला यांना. तोंडावर ऊन पडलं होतं, कानाचा टवकासुद्धा दिसत होता."

"नक्की?"

"बाई, तुमचा विद्यार्थी आहे मी."

बाईंनी मान डोलावली आणि मनात हिशेब मांडला. दहाला पात्र होतं. अकराला विल्बर्थ आणि तिघे पाहुणे एकत्रच वर आले, ओल्या कपड्यांनी, रिकाम्या हातांनी. ते बाईंनी स्वतः पाहिलं. त्यानंतर बारापर्यंत खाली एकच माणूस होता. आणि त्या माणसाने सहा वर्षांपूर्वी दारूपायी समितीचा पाण्याचा पंप विकला होता. पुढे त्याने दारू सोडली, पंपाची भरपाईही केली. पण बाईंच्या वहीत एकदा लागलेला लाल शेरा पुसला जात नसे.

"कासिमिरो," त्यांनी हाक मारली, "तुझी पिशवी आण."

३

कासिमिरोची पिशवी घायपाताची, हाताने विणलेली. खुंटीवर टांगलेली असायची. ती काढताना त्याचा हात थबकला, आणि बाईंना तेवढं पुरेसं झालं.

"बाई, आत चला ना," तो म्हणाला. "खोलीत दाखवतो."

"लपवण्यासारखं काही नसेल तर इथेच दाखव."

तोवर फाटकाबाहेर दहाबारा माणसं जमली होती. स्वयंपाक करणाऱ्या बायका चुलीवरून उठून आल्या होत्या. त्यांच्यात कासिमिरोची मुलगी नेल्सीही होती. सतरा वर्षांची, पाहुण्यांसाठी मक्याच्या भाकऱ्या थापायचं काम करायची. पिठाचे हात तसेच घेऊन ती उभी होती. बाईंनी तिला पाहिलं. पाहूनही त्या थांबल्या नाहीत, हे त्यांना पुढे कितीतरी दिवस आठवत राहायचं होतं.

कासिमिरो नुसताच उभा राहिला. तेव्हा बाईंनी त्याच्या हातातून पिशवी घेतली आणि टेबलावर उलटी केली.

एक जुना सदरा पडला. रिकामी पाण्याची बाटली. आणि केळीच्या पानात बांधलेली एक पुरचुंडी. ती टेबलावर आपटून सुटली. आत पाहुण्यांच्या सकाळच्या न्याहारीच्या ताटातलं उरलेलं होतं. कोंबडीच्या चार तंगड्या, त्यांतल्या दोन अर्धवट खाल्लेल्या, एकीवर दातांच्या खुणा स्पष्ट. तीन भाकऱ्यांचे तुकडे.

डॉक्टरांनी मान फिरवली. ती तंगडी बहुधा त्यांच्याच ताटातली होती.

"कुत्र्यासाठी नेतो," कासिमिरो म्हणाला.

त्याच्या घरी कुत्रं नव्हतं. गावात सगळ्यांना ते माहीत होतं. नेल्सी वळली आणि चुलीकडे निघून गेली. चालत गेली, पळाली नाही.

बाईंना त्याच क्षणी काहीतरी चुकल्याची जाणीव झाली. पण अडतीस वर्षं वर्गासमोर उभं राहिलेल्या माणसाला भर वर्गात मागे फिरता येत नाही. त्यांनी आवाज आणखी कडक केला आणि दोन माणसांना कासिमिरोचं घर पाहायला पाठवलं. घरातही काही सापडलं नाही. कासिमिरोने पिशवीत एकेक वस्तू परत भरली, पुरचुंडी तेवढी टेबलावर ठेवली आणि झाडामागे जाऊन बसला.

विल्बर्थ या सगळ्या वेळात गाडीला टेकून उभा होता. त्याने एकदाही वर पाहिलं नाही.

४

दोनच्या सुमाराला विल्बर्थ बाईंना म्हणाला की पाहुण्यांचा दिवस फुकट जाऊ नये, तो त्यांना अर्ध्या कोसावरच्या अवशेषांकडे नेऊन आणतो. बाईंनी कडी काढून दिली. त्याच्यावर त्यांचा विश्वास होता. डॉक्टर आणि रोसेंदो त्याच्याबरोबर गेले. ग्रासिएला गेली नाही. ती बाईंच्या टेबलापाशी आली आणि न विचारता समोर बसली.

"तुमच्या कामात नाक खुपसत नाही मी," ती म्हणाली. "पण त्या माणसाची पिशवी उघडलीत. आमच्या का नाही उघडल्या?"

बाईंकडे उत्तर होतं, पण ते मोठ्याने म्हणण्यासारखं नव्हतं. पाहुणे शिकलेले होते, गाडीतून आले होते.

"आणखी एक सांगायचंय. मला चष्म्याशिवाय लांबचं दिसत नाही, पण उजेड आणि अंधार कळतो. दहा वाजता पलीकडे काळोख होता. ऊनबिन काही नव्हतं. तुमचा वाटाडा म्हणतो तोंडावर ऊन पडलं होतं, ते कसं?"

बाईंनी वर, सूर्याकडे पाहिलं.

कुंडाच्या छताला एकच भोक आहे. त्यातून ऊन आत येतं ते सकाळी अलीकडच्या भिंतीवर असतं, हळूहळू पाण्यावर उतरतं आणि पलीकडच्या कोनाड्यापर्यंत पोहोचतं ते बाराच्या आसपास, जेमतेम अर्धा तास. हे गावात बाईंइतकं कुणाला ठाऊक असणार? दरवर्षी चौथीचा वर्ग घेऊन त्या पायऱ्यांवर बसायच्या आणि सूर्य कसा सरकतो ते त्या कवडशावरून शिकवायच्या. मघाशी विल्बर्थचं बोलणं ऐकताना हे त्यांच्या डोक्यात यायला हवं होतं. आलं नाही, कारण बोलणारा विल्बर्थ होता.

"तुम्ही दहालाच का उतरलात खाली?" त्यांनी विचारलं.

"आमच्या कागदावर आधी अवशेष होते आणि बाराला पोहणं. गाडीत बसल्यावर त्यांनी उलटं केलं. म्हणाले, बाराला फार गर्दी होते."

"गर्दी? आज कुंड तुमच्या तिघांसाठीच राखलं होतं."

"तेच मी माझ्या नवऱ्याला म्हणत होते."

बाई टेबलाला धरून उठल्या. गुडघ्यांमुळे चार वर्षांत त्या पायऱ्या उतरल्या नव्हत्या. कुंडाची प्रमुख म्हणून सह्या करत होत्या, न्यायनिवाडा करत होत्या, पण चोरी झाली ती जागा त्यांनी आजही डोळ्यांनी पाहिली नव्हती.

"तुम्हाला पोहता येतं ना?" त्यांनी ग्रासिएलाला विचारलं. "मग चष्मा दोरीने बांधून घ्या."

५

खाली जायला त्यांना अर्धा तास लागला. शेवटच्या पायरीवर बाईंनी चपला काढल्या, अंगातल्या पांढऱ्या भरतकामाच्या झग्यावरच नारंगी लाइफ जॅकेट चढवलं आणि विजेरी दातात धरून पाण्यात उतरल्या. पाणी थंडगार होतं. ग्रासिएला त्यांचा दंड धरून ओढत होती. त्रेसष्टाव्या वर्षी असं तरंगत जाताना आपण कशा दिसत असू हा विचार एरवी बाईंच्या मनात आला असता. आज आला नाही.

पलीकडे कड्याला खोबणी होत्या. ग्रासिएला त्यांत पाय रोवून वर चढली आणि कोनाड्यात विजेरी धरली.

"काय दिसतं ते सांगा. जसं आहे तसं," खालून बाई म्हणाल्या.

"धूळ आहे. मधे एक गोल, स्वच्छ. भांडं तिथेच असणार."

"गोल अगदी स्वच्छ आहे?"

"नाही. त्यात पांढरे डाग आहेत. पक्ष्याची विष्ठा."

त्याच वेळी वरच्या बिळातून तोह नावाचा पक्षी आपली लांब शेपटी हलवत बाहेर पडला. कुंडात त्यांची घरटी असतातच.

"डाग ओले आहेत की सुकलेले?"

ग्रासिएलाने नखाने खरवडलं. "सुकून खपली झालीय. एकावर एक आहेत. आणि बाई, गोलावरून कोळ्याचं जाळंसुद्धा आहे, या कडेपासून त्या कडेपर्यंत."

पात्र जागेवर असताना त्याच्या खाली विष्ठा पडत नाही आणि जिथे ते उभं आहे तिथून जाळं विणता येत नाही. म्हणजे पात्र आज गेलं नव्हतं. चारपाच दिवसांपूर्वीच गेलं होतं. मग ज्याने ते आज दहा वाजता पाहिलं म्हणून सांगितलं, तो धडधडीत खोटं बोलला होता. आणि ज्याने मुद्दाम पाहुण्यांना काळोखाच्या वेळी खाली नेलं, त्याला कोनाडा रिकामा आहे हे सकाळीच ठाऊक होतं. दोन्ही एकच माणूस.

कासिमिरोला तरी आधी का कळलं नाही, याचंही उत्तर आता सोपं होतं. एरवी पाहुणे बाराला उतरायचे, तेव्हा तो वर जॅकेटं वाटत असायचा. आज ते लवकर आटोपले, म्हणून तो बाराला झाडायला खाली होता, आणि त्याच वेळी कोनाड्यात ऊन आलं. चोराने वेळ बदलली म्हणूनच चोरी उघडी पडली.

आणखी एक गोष्ट कोनाड्याच्या फटीत अडकली होती. ग्रासिएलाने ती बाईंच्या तळहातावर ठेवली. नखाएवढी लाल मातीची कपची.

"चोरलं नाहीये," बाई म्हणाल्या. त्यांचे दात वाजत होते. "फुटलंय."

६

ओल्या झग्यानेच बाई जंगलातली वाट चालून गेल्या. पडक्या देवळाच्या पायऱ्यांवर विल्बर्थ एकटा बसला होता. डॉक्टर आणि रोसेंदो मागच्या बाजूला कोरीव दगड पाहत होते. बाईंच्या कपड्यांतून गळणारं पाणी पाहून विल्बर्थला सगळं कळलं. तो उभा राहिला, लहानपणी राहायचा तसा.

बाईंनी तळहात उघडून कपची दाखवली.

मग त्याने सांगितलं. मंगळवारी एक नवपरिणीत जोडपं आलं होतं. नवरीला देवासोबत फोटो हवा होता. तिने फार गळ घातली, आणि त्यालाही मोठेपणा मिरवायचा होता. तो खोबणीत चढला, पात्र उचललं आणि ओल्या हातातून ते कोनाड्याच्या दगडावरच सुटलं. जोडपं घाबरून निघून गेलं. कासिमिरो वर दोऱ्या दुरुस्त करत होता, त्याला पत्ता नव्हता. विल्बर्थने सगळे तुकडे जॅकेटमध्ये गुंडाळले. ते अजून गाडीत मागच्या सीटखाली होते. आज ना उद्या कुणीतरी शोधणारच, तर परक्या पाहुण्यांवर ढकलावं, ते संध्याकाळी निघून जातील, कुणाचं काही बिघडणार नाही, असा त्याचा बेत होता.

"मंगळवारीच का नाही आलास माझ्याकडे?"

विल्बर्थने कपचीकडे पाहिलं. मग म्हणाला, "बाई, तिसरीत असताना माझ्याकडून शाळेतला पृथ्वीचा गोळा फुटला होता. आठवतं?"

बाईंना आठवत होतं. फुटका गोळा हातात देऊन त्यांनी त्याला दिवसभर झेंड्याच्या खांबाजवळ उन्हात उभं केलं होतं. शिस्तीचा नमुना म्हणून हा किस्सा त्या नव्या मास्तरांना सांगायच्या.

"तो फुटल्याचं कुणी पाहिलं नव्हतं, बाई. मी आपण होऊन सांगायला आलो होतो."

हे मात्र बाई विसरल्या होत्या. इतकी वर्षं किस्सा सांगताना त्यातला हा तुकडा त्यांनी कधी उचललाच नव्हता.

"ते माझं पाप," शेवटी त्या म्हणाल्या. "ते मी नाकारत नाही. पण आज कासिमिरोची पिशवी उलटी केली तेव्हा तू दहा पावलांवर होतास. ते तुझं."

"हो," विल्बर्थ म्हणाला आणि तोंड झाकून खाली बसला.

७

रविवारी सकाळी गाव जमलं. बाईंनी उभं राहून सगळं सांगितलं, विल्बर्थचं आणि स्वतःचंही. जागा न पाहता निवाडा केला, पाहुण्यांच्या पिशव्या सोडून गरिबाची उघडली, हे त्याच शब्दांत सांगितलं. प्रमुखपद सोडलं. विल्बर्थने तुकडे चटईवर मांडले.

पेरणीची पूजा सांगणारे एलिहिओ आजोबा पुढे झाले. त्यांनी तुकडे हातात घेऊन पाहिले आणि म्हणाले, "यात एवढं लपवण्यासारखं काय होतं? जुनी माणसं तर भांडं फोडूनच पाण्याला द्यायची. अख्खं भांडं माणसाचं, फुटकं देवाचं. देऊन टाका. नवं करून बसवू."

माणसांचा जीव भांड्यात पडला. कुणीतरी हसलंसुद्धा. विल्बर्थला वर्षभर पाहुणे आणायला बंदी झाली. पायऱ्या झाडायचं काम त्याने स्वतःच मागून घेतलं. बाईंना हसता आलं नाही. म्हणजे मंगळवारी एक शब्द बोलला गेला असता तर काहीच घडलं नसतं, आणि तो शब्द बोलायची धास्ती त्यांनीच एका आठ वर्षांच्या पोराला लावली होती.

सभेला कासिमिरो आला नव्हता. बाई तिथून थेट त्याच्या घरी गेल्या.

तो अंगणात दोर वळत बसला होता. बाईंना पाहून उठला, खुर्ची पुढे केली. बाई बसल्या नाहीत.

"कासिमिरोभाऊ, मी तुमची माफी मागायला आले," त्या म्हणाल्या. "मी तुम्हाला चोर ठरवलं. सगळ्या गावासमोर सांगून आलेय की तुम्ही चोर नाही."

"कळलं मला. शेजारचे येऊन सांगून गेले."

"माझ्या हातून फार मोठी चूक झाली."

कासिमिरोने दोराचा पीळ तपासला. त्याच्या बोलण्यात राग नव्हता. राग असता तर बाईंना सोपं गेलं असतं.

"बाई, चोरीचं तुम्ही मागे घेतलंत. ती खोटी होती, घेता आली. पण त्या कोंबडीचं काय करता? ती खरी होती."

बाईंनी खुर्चीची पाठ धरली.

दारात नेल्सी आली. तिच्या हातात मातीची ताटली होती, काळ्या घेवड्याचं कालवण आणि दोन भाकऱ्या, वाफ निघत असलेल्या. तिने ती खुर्चीशेजारच्या पाटावर ठेवली. बाईंकडे सरळ पाहिलं.

"बसा बाई. खा. ताजं आहे."

बाई बसल्या. त्यांनी मान खाली घालून शेवटच्या तुकड्यापर्यंत सगळं खाल्लं, आणि ती पोरगी कंबरेवर हात ठेवून ताटली रिकामी होईपर्यंत समोर उभी राहिली.